‘स्मृतिचित्रे’ : पुस्तकातील बाई आणि पडद्यावरील बाई

गेल्या पुनरुत्थानकाळात आमच्या धर्मग्रामाच्या सभागृहात एका रविवारी सायंकाळी आम्ही भाविकांना एक जुना चित्रपट दाखविला. प्रत जीर्ण होती, चित्र मधूनच थरथरत होते, आवाज अधूनमधून दबत होता. तरुण मंडळी अर्ध्यातच उठून जातील, अशी आमची धास्ती होती. काही गेलीही. पण पुढच्या दोन रांगांतल्या आजीबाई मात्र जागच्या हलल्या नाहीत. पुढे अकोल्याच्या मंडळींनीही आग्रह धरला, तेव्हा तीच प्रत तेथे नेली. तेथेही असेच घडले. हा चित्रपट म्हणजे विजया मेहता यांनी लक्ष्मीबाई टिळकांच्या आत्मचरित्रावरून दूरदर्शनसाठी केलेला ‘स्मृतिचित्रे’. या दोन संध्याकाळींनी आम्हाला जे शिकविले, ते वाचकांपुढे ठेवावे, एवढाच या लेखाचा हेतू आहे.

मुंबईचे दूरदर्शन केंद्र १९७२ साली सुरू झाले. त्यानंतरच्या पहिल्या दहा-बारा वर्षांत मराठी साहित्यकृतींना छोट्या पडद्यावर आणण्याचे जे प्रयत्न झाले, त्यांत या चित्रपटाचे स्थान फार वरचे आहे. १९८०च्या दशकाच्या आरंभीचा हा काळ. रंगभूमीवर ‘रंगायन’सारखी चळवळ उभी करणाऱ्या विजयाबाईंनी आपली सारी नाट्यदृष्टी या लहानशा पडद्यासाठी वापरली. सुहास जोशी यांनी लक्ष्मीबाईंची भूमिका केली आणि उत्तरवयातील लक्ष्मीबाई स्वतः विजयाबाईंनी उभी केली. राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत मराठीतील सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा मान या कृतीला मिळाला. दूरदर्शनसाठी तयार झालेल्या कृतीने हा मान मिळवावा, ही त्या काळी लहान गोष्ट नव्हती.

ज्यांनी मूळ पुस्तक वाचलेले नाही, अशा आमच्या तरुण वाचकांसाठी दोन शब्द सांगितले पाहिजेत. लक्ष्मीबाईंचा जन्म १८६८ साली नाशिकजवळच्या जलालपूर येथे, गोखल्यांच्या घरी झाला. माहेरचे नाव मनकर्णिका. वडिलांचे सोवळे इतके कडक, की बाजारातून आलेला जिन्नस धुतल्याखेरीज घरात येत नसे. अकराव्या वर्षाच्या सुमारास त्यांचे लग्न कवी नारायण वामन टिळकांशी झाले. टिळक बुद्धिमान, उदार आणि शीघ्रकोपी. घरात उद्याचे दाणे नसताना आजच्या पाहुण्याला जेवू घालणारे आणि न सांगता-सवरता घर सोडून जाणारे. १० फेब्रुवारी १८९५ रोजी त्यांनी मुंबईत ख्रिस्ती धर्माचा स्वीकार केला. लक्ष्मीबाई लहानग्या दत्तूला घेऊन पंढरपुरास आप्तांच्या आश्रयाने राहिल्या. काही वर्षांच्या विरहानंतर त्या नवऱ्याकडे परतल्या, पण आपले सोवळे घेऊनच. १९०० साली त्यांनी स्वतःच्या विचाराने स्नानसंस्कार घेतला. टिळक १९१९ साली निवर्तले. त्यांनी आरंभिलेले ‘ख्रिस्तायन’ हे काव्य लक्ष्मीबाईंनी साठांहून अधिक अध्याय रचून पुरे केले. १९३४ पासून त्यांच्या आठवणी ‘स्मृतिचित्रे’ या नावाने चार भागांत प्रसिद्ध झाल्या, आणि १९३६ साली त्यांनी या जगाचा निरोप घेतला. शाळेचे तोंड न पाहिलेल्या, नवऱ्याशी भांडत भांडत अक्षरे गिरविलेल्या बाईचे हे पुस्तक मराठी आत्मचरित्रांत अजूनही अग्रभागी मानले जाते.

असे पुस्तक चित्रपटात आणणे म्हणजे पाण्यातले प्रतिबिंब ओंजळीत धरण्यासारखे आहे. या पुस्तकाची सारी गोडी सांगणाऱ्या बाईच्या आवाजात आहे. घटना पाहिल्या तर त्यांत दुःखाला तोटा नाही : पोटची मुले गेली, दारिद्र्य आले, बहिष्कार आला, विरह आला. पण सांगणारी बाई या साऱ्याकडे किंचित दुरून आणि मिस्कील नजरेने पाहते. तिला आपल्या वडिलांचे हसू येते, नवऱ्याचे येते आणि सर्वांत अधिक स्वतःचे येते. साठी ओलांडलेली लक्ष्मी अकरा वर्षांच्या मनूला पाहून हसते आणि त्या हसण्यातच तिला क्षमा करते. कॅमेऱ्याला मात्र डोळे असतात, स्मरण नसते. तो जे समोर आहे तेवढेच दाखवितो. म्हणून आत्मचरित्रावरचे चित्रपट बहुधा घटनांची माळ होऊन बसतात आणि दोरा हरवतो.

विजयाबाईंनी हा दोरा सोडला नाही, हे या चित्रपटाचे पहिले यश. लक्ष्मीबाई दोन नटींमध्ये विभागली गेल्यामुळे जी भोगते ती आणि जी आठवते ती, अशा दोघी आपल्याला वेगळ्या दिसतात. या दोघींमधले अंतर म्हणजेच ते पुस्तक होय. सुहास जोशींचा चेहरा प्रसंगाच्या आत असतो : गोंधळतो, रागावतो, घाबरतो, पुन्हा उभा राहतो. उत्तरवयीन लक्ष्मीबाईंच्या चेहऱ्यावर मात्र वादळ ओसरून गेल्यानंतरचा निवांतपणा आहे. आम्ही धर्मगुरू भाविकांना आत्मपरीक्षण करावयास सांगतो, ते याहून वेगळे काय असते? कालच्या स्वतःकडे आज खोटे समर्थन न करता आणि कठोर शिक्षाही न करता पाहणे. लक्ष्मीबाईंना ते साधले होते, आणि चित्रपटाने त्याची जाण ठेवली.

येथे आम्हाला एका जुन्या चित्रपटाची आठवण होते. ‘प्रभात’चा ‘संत तुकाराम’ १९३६ साली पडद्यावर आला. तेच लक्ष्मीबाईंच्या मृत्यूचे वर्ष. पुढच्या वर्षी व्हेनिसच्या महोत्सवात त्याचा गौरव झाला. विष्णुपंत पागनीसांचा तुकाराम सर्वांच्या स्मरणात आहे, पण जाणत्या प्रेक्षकांच्या मनात घर करून राहते ती गौरीबाईंची जिजाई. नवरा विठ्ठलात रंगलेला, घरात मुले उपाशी. ती म्हैस सांभाळते, भाकरी थापते, नवऱ्याला बोल लावते आणि वेळ आली तर देवावरही पायताण उगारते. तुकोबा वैकुंठाला जातात, जिजाई मुलांसह खाली राहते. आम्ही हा चित्रपट अनेकदा पाहिला आहे, आणि दरवेळी एक प्रश्न मनात येतो : जिजाईने आपली बाजू लिहिली असती तर?

लक्ष्मीबाई म्हणजे लिहिणारी जिजाई. टिळकांनी स्वतःच आपण तुकोबांच्या सेतूवरून ख्रिस्तचरणी आलो, असे म्हटले होते. पण त्या सेतूवरून मागोमाग मुलाला कडेवर घेऊन, भांडीकुंडी सांभाळत येणाऱ्या बाईला कोणी विचारले नव्हते. तिने ते स्वतः लिहून ठेवले. कवीच्या घरात भाकरी कशी येते, देवासाठी सर्वस्व सोडणाऱ्याच्या त्यागाचे ओझे कोणाच्या खांद्यावर पडते, हे मराठी वाचकाला प्रथम एवढ्या स्पष्टपणे तिने सांगितले. आणि तरीही नवऱ्यावरची तिची माया तसूभर कमी झाली नाही. तक्रार आणि प्रेम एकाच वाक्यात नांदू शकतात, हे या पुस्तकाचे रहस्य आहे.

आता चित्रपटाच्या उणिवांकडे वळू. स्तुतीने भरलेली समीक्षा ही लेखकाला आणि वाचकाला दोघांनाही फसविते, अशी आमची समजूत आहे.

पहिली उणीव माध्यमाचीच म्हणावी लागेल. पुस्तकात टिळक आपल्याला केवळ लक्ष्मीबाईंच्या नजरेतून दिसतात. त्यांचा प्रत्येक राग, प्रत्येक पश्चात्ताप तिच्या शब्दांतून गाळून येतो. पडद्यावर मात्र टिळक सदेह उभे राहतात. नट रागावला की तो राग थेट आपल्यावर येऊन आदळतो. तो पुसणारा, त्यावर हसणारा आवाज तेथे नेहमी हजर नसतो. त्यामुळे पुस्तक वाचून जे टिळकांवर प्रेम करतात, ते चित्रपट पाहून त्यांच्यावर चिडण्याचा संभव असतो. आमच्या सभागृहातही एका शिक्षिकेने असाच संताप व्यक्त केला. आम्ही तिच्या हाती पुस्तक दिले. पंधरवड्याने ती परत आली तेव्हा म्हणाली, “फादर, राग आहेच, पण आता बाईंनी माफ केलं तेही कळलं.”

दुसरी उणीव अधिक गंभीर आहे. ही बाई लेखिका आहे, हे पडद्यावर पुरेसे ठसत नाही. मुलगी, सून, पत्नी, आई, विधवा या नात्यांनी ती आपल्याला भेटते. पण शब्दांशी झटणारी, एक प्रसंग सांगावा की गाळावा याचा निवाडा करणारी कलावंत बाई नजरेआड राहते. हा दोष एकट्या या चित्रपटाचा नव्हे. आचार्य अत्रे यांनी १९५४ साली ‘महात्मा फुले’ हा चित्रपट काढला. त्यात सुलोचनाबाईंनी साकारलेली सावित्रीबाई आपल्याला शिक्षिका म्हणून आठवते. पण १८५४ साली ‘काव्यफुले’ प्रसिद्ध करणारी कवयित्री म्हणून किती जणांच्या स्मरणात आहे? स्त्रीने सोसलेले दुःख पडद्याला लवकर दिसते, तिने केलेला विचार उशिरा दिसतो. सोसण्याला चेहरा असतो. विचार करणारी बाई नुसती बसलेली दिसते. कदाचित हे ओळखूनच की काय, सुहास जोशींनी पुढे ‘स्मृतिचित्रे’चे एकपात्री अभिवाचन रंगमंचावर केले. तेथे देखावे नाहीत, इतर पात्रे नाहीत. फक्त लक्ष्मीबाईंची वाक्ये आणि ती उच्चारणारा एक कंठ. पडद्यावरून शब्द पुन्हा शब्दाकडे परतला. आम्हाला हा प्रवास अर्थपूर्ण वाटतो.

तिसरा मुद्दा श्रद्धेचा. येथे आम्हाला एक कबुली दिली पाहिजे. गुरुविद्यालयात असताना आम्ही ‘स्मृतिचित्रे’ वाचले नव्हते. मराठीच्या तासाला त्यातला एखादा उतारा कानावर आला असेल, एवढेच. लक्ष्मीबाई प्रॉटेस्टंट, त्यांचे पती अमेरिकन मिशनशी जोडलेले. ‘ते आपले नव्हेत’ असा एक न बोललेला समज आमच्या मनात होता. वस्तुतः दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने १९६४ सालीच ख्रिस्ती ऐक्याविषयीचे आदेशपत्र काढून विभक्त बंधुभगिनींमधील कृपेची देणी ओळखण्यास सांगितले होते. परिषदेचे दस्तऐवज आम्ही पाठ केले, परीक्षेत उत्तीर्ण झालो, आणि शेजारच्या घरातले हे रत्न मात्र पाहिले नाही. हा दोष कोणा शिक्षकाचा नव्हे, आमचाच.

पुढे प्रथम चित्रपट पाहिला तेव्हाही आम्ही चुकीच्या ठिकाणी पाहत होतो. आमचे सारे लक्ष टिळकांच्या धर्मांतराकडे. तो क्षण कसा दाखविला, ख्रिस्ती धर्माला न्याय मिळाला की नाही, याचीच आम्ही मोजदाद करीत होतो. आता भाविक स्त्रियांच्या शेजारी बसून पाहिला, तेव्हा उमगले की कथेचा खरा कणा १८९५ नव्हे, १८९५ ते १९०० हा मधला काळ आहे. नवरा ज्या वाटेने गेला त्या वाटेने बायकोने मुकाट्याने जावे, ही त्या काळची रीत. लक्ष्मीबाई तशा गेल्या नाहीत. प्रथम त्यांनी विरोध केला, मग दूर राहिल्या, मग जवळ येऊनही आपली चूल आणि आपले पाणी वेगळे ठेवले. टिळकांचाही येथे गौरव केला पाहिजे, की ते घाई करून बसले नाहीत. आणि मग एक दिवस जातिभेद हा देवाने केलेला नाही, माणसाने केलेला आहे, हे त्यांना स्वतःच्या विचाराने पटले. पटल्यावर त्या थांबल्या नाहीत.

श्रद्धा ही कोणाच्या वतीने कोणी देऊ शकत नाही, हे आम्ही धर्मशिक्षणाच्या वर्गात शिकवितो. पण किती घरांत आम्ही ते खरोखर पाळतो? विवाहाच्या वेळी मुलीचा धर्म ‘आपोआप’ ठरून जातो, आणि आम्हीही नोंदवहीत सही करून मोकळे होतो. या एका बाईने पाच वर्षे घेतली. पडद्यावर तो काळ संयमाने येतो. कोणाच्या विजयाचे नगारे वाजत नाहीत, कोणाच्या पराभवाचे अश्रू ढाळले जात नाहीत. दिग्दर्शिकेची ही तटस्थता आम्हाला पूर्वी कोरडी वाटली होती. आता ती आदर वाटते.

वऱ्हाडातील वाचकांनी या कथेला दूरची समजू नये. १८९३ साली नागपूरहून राजनांदगावकडे जाणाऱ्या आगगाडीत टिळकांच्या हाती ज्या गोऱ्या सहप्रवाशाने नवा करार ठेवला, तो अर्नेस्ट वॉर्ड हा फ्री मेथडिस्ट मिशनचा प्रचारक होता, असे मानले जाते. याच मिशनचे काम पुढे आपल्या यवतमाळात रुजले, आणि १९५३ पासून तीस वर्षे युनियन बिब्लिकल सेमिनरीही तेथेच होती. आपला अमरावती धर्मप्रांत १९५५ साली स्थापन झाला. म्हणजे एकाच मातीत दोन रोपे शेजारी शेजारी वाढत होती, आणि त्यांची फारशी बोलचाल नव्हती.

आणखी एक नाव येथे घेतले पाहिजे. अकोल्यापासून फार दूर नसलेल्या बुलढाण्याच्या ताराबाई शिंदे यांनी १८८२ साली ‘स्त्रीपुरुषतुलना’ हा निबंध छापला. सुरतेच्या न्यायालयात विजयालक्ष्मी या विधवेला झालेल्या शिक्षेच्या निमित्ताने त्यांनी पुरुषजातीला असा जाब विचारला, की तसा त्यापूर्वी मराठीत कोणा स्त्रीने विचारला नव्हता. पुस्तक विस्मृतीत गेले. स. गं. मालशे यांनी १९७५ साली ते पुन्हा उजेडात आणले. लक्ष्मीबाईंच्या हास्यामागे लपलेला जाब ताराबाईंनी उघड विचारला आहे. लक्ष्मीबाईंना विजयाबाईंसारखी दिग्दर्शिका लाभली. वऱ्हाडच्या या लेकीला तशी नजर लाभलेली आमच्या तरी पाहण्यात नाही. आमच्या महाविद्यालयांतील जी मुले-मुली हल्ली हातात यंत्र घेऊन लघुपट काढतात, त्यांनी हे मनावर घ्यावे. फक्त एवढे लक्षात ठेवावे, की ताराबाईंचे दुःख दाखवून भागणार नाही. त्यांचे डोके दाखविले पाहिजे.

शेवटी त्या पहिल्या संध्याकाळकडे येतो. चित्रपट संपला, दिवे लागले. पुढच्या रांगेतल्या एक आजी काठी टेकीत आमच्याजवळ आल्या. आयुष्यभर दुसऱ्यांच्या शेतात निंदण-खुरपण केलेल्या, तीन मुले पुरलेल्या, आणि पहाटेच्या मिस्साला कधी न चुकलेल्या. म्हणाल्या, “फादर, तिले लिवता आलं म्हनून तिचं झालं. आमचं पोटातच रायलं.” आम्हाला काही उत्तर सुचले नाही. तीस वर्षे आम्ही प्रवचने दिली. या बाईंना कधी ‘तुम्ही सांगा, आम्ही ऐकतो’ असे म्हटले नव्हते.

दुसऱ्या रविवारपासून आठवीतली एक मुलगी वही घेऊन त्यांच्या अंगणात बसते. आजी सांगतात, ती लिहिते. शब्द वऱ्हाडीच राहू द्यावे, सुधारू नयेत, एवढीच आम्ही तिला सूचना दिली आहे. वहीची आजवर चौदा पाने भरली आहेत. त्यांत दुष्काळ आहे, नवऱ्याचे दारू पिणे आहे, धर्मभगिनींनी शिकविलेली प्रार्थना आहे, आणि एका बकरीने फादरांचा झगा खाल्ल्याची गोष्टही आहे. ती वाचताना आम्ही मोठ्याने हसलो, आणि मग आठवले की लक्ष्मीबाईही अशाच हसवीत असत.

चांगल्या चित्रपटाने प्रेक्षकाला पुस्तकाकडे न्यावे, आणि चांगल्या पुस्तकाने वाचकाला शेजारच्या माणसाकडे न्यावे. ‘स्मृतिचित्रे’ने आमच्या बाबतीत दोन्ही केले. उणिवा असूनही हा चित्रपट आमच्या कुटुंबांनी पाहावा. आणि त्याआधी किंवा त्यानंतर मूळ पुस्तक रात्रीच्या रोझरीनंतर दोन-दोन पाने घरात मोठ्याने वाचावे. ज्यांच्या मुलांना मराठी वाचणे जड जाते, त्यांच्यासाठी शांता गोखले यांनी २०१७ साली केलेला इंग्रजी अनुवाद उपलब्ध आहे. परंतु आजीजवळ बसून ऐकण्याची सोय घरात असेल, तर तेथून आरंभ करावा. त्या पुस्तकाला प्रकाशक लागत नाही, आणि त्याची प्रत एकच असते.